वॉरगेम्स: दोन रिंग, एक पिंजरा आणि नेहमी उलटं पडणारं नाणं (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

नोव्हेंबर संपत आला की ओळखीतल्या चार-पाच जणांचे ठरलेले मेसेज येतात. ‘हे बाकीचे बाहेर उभे राहून कशाची वाट बघतायत?’ ‘एवढा चोपला, मग पिन का नाही केली?’ ‘तो पिंजऱ्यावर चढला की, मग सुटला ना?’ डब्ल्यूडब्ल्यूईच्या ‘सर्व्हायव्हर सिरीज’मध्ये 2022 पासून वॉरगेम्स ही सांघिक पिंजरा-लढत होते, आणि इतर वेळी रेसलिंग न बघणारेही त्या दिवशी टीव्हीपुढे बसतात. दरवर्षी तेच टाइप करण्यापेक्षा एकदाच लिहून ठेवतोय.

वॉरगेम्स म्हणजे नक्की काय?

दोन रिंग एकमेकींना चिकटवून ठेवतात आणि दोन्हींभोवती मिळून एकच लोखंडी जाळीचा पिंजरा उभा करतात. दोन संघ, प्रत्येकात बहुतेक वेळा चार किंवा पाच जण. सगळे एकदम आत जात नाहीत, ठरावीक मिनिटांनी एकेक जण सोडला जातो. शेवटचा माणूस आत आला की खरी लढत सुरू झाली असं मानतात. त्याआधी कुणी कितीही मार खाल्ला तरी निकाल लागत नाही.

पिंजरा बघून लोक हरखतात. पण माझं मत विचाराल तर या खेळातली खरी करामत पिंजऱ्यात नाही, घड्याळात आहे.

घड्याळ कसं चालतं? हिशोब करून सांगा.

मूळ नियम असा. दोन्ही बाजूंचा एकेक गडी आत जातो आणि पाच मिनिटं दोघंच भिडतात. मग नाणेफेक जिंकलेल्या संघाचा दुसरा गडी आत येतो. दोन मिनिटं दोनास एक. त्यानंतर हरलेल्या संघाचा दुसरा येतो, दोन मिनिटं बरोबरी. मग पुन्हा पहिल्या संघाचा, तीनास दोन. असं शेवटपर्यंत.

पाच-पाच जणांचे संघ धरा. आठ माणसं आत यायची असतात. पहिला पाचव्या मिनिटाला येतो, पुढचे दर दोन मिनिटांनी, म्हणजे शेवटचा एकोणिसाव्या मिनिटाला. या वेळात नाणेफेक हरलेला संघ एकूण आठ मिनिटं एका माणसाने कमी असतो आणि त्याची सरशी व्हावी असा एकही क्षण येत नाही. फार तर बरोबरी होते, तीही दोन मिनिटांपुरती. डब्ल्यूडब्ल्यूईने अलीकडे दोनाऐवजी तीन मिनिटांचं अंतर ठेवलंय. तोच हिशोब मांडला तर शेवटचा गडी सव्विसाव्या मिनिटाला येतो आणि कमी माणसांनी काढायची वेळ बारा मिनिटांवर जाते.

कबड्डी खेळलेल्यांना हे लगेच कळतं. आपले तीनच गडी मैदानात उरले की समोरचा चढाईवाला कसा पाय आपटत, हसत येतो, ते आठवा. इथे ती अवस्था चार वेळा येते, आणि दर वेळी सुटका झाल्यासारखं वाटेपर्यंत समोरून आणखी एक धावत येतो.

मग नाणेफेक दर वेळी खलनायकच कसे जिंकतात?

कारण नाणं कुणी प्रामाणिकपणे उडवतच नाही. जुन्या काळात जवळजवळ प्रत्येक वॉरगेम्समध्ये कौल वाईट टोळीच्या बाजूने गेला, आणि ते बरोबरच होतं. चांगल्या माणसांना आधी दोघा-तिघांनी मिळून धुतलं नाही, तर मदतीला धावणाऱ्यासाठी प्रेक्षक ओरडणार कशाला? बाहेर उभा असलेला आपला माणूस जाळीला धरून तळमळतोय, आत त्याचा जोडीदार मार खातोय आणि घड्याळात अजून 40 सेकंद बाकी आहेत. सगळं नाटक त्या 40 सेकंदांत असतं.

हल्ली नाणेफेकीऐवजी आदल्या आठवड्यांत एखादी कुस्ती लावून हा फायदा कुणाला ते ठरवतात. 2022 मध्ये पुरुषांच्या लढतीत तो चक्क चांगल्या बाजूला मिळाला आणि वाईट टोळीचा म्होरक्या रोमन रेन्स सगळ्यात शेवटी आत आला. तिथे ते खपून गेलं, कारण त्या रात्रीची गोष्ट निराळी होती. ती पुढे येईल.

हे डोकं कुणाचं?

डस्टी ऱ्होड्सचं. खरं नाव व्हर्जिल रनल्स, टेक्सासमधल्या एका प्लंबरचा मुलगा. गोल पोट, बोबडेपणाकडे झुकणारं लाडिक बोलणं, अंगावर कुठेही शिल्पासारखा स्नायू नाही. तरी अमेरिकेच्या दक्षिण भागातल्या कष्टकरी माणसाला तो आपला वाटायचा. 1980 च्या दशकात जिम क्रॉकेटच्या कंपनीत तो स्वतः लढायचा आणि कुणाची कुणाशी गाठ घालायची, कोण जिंकणार, हेही ठरवायचा. एका चित्रपटातली पिंजऱ्यातली झुंज बघून त्याला ही कल्पना सुचली असं सांगतात.

पहिली वॉरगेम्स 4 जुलै 1987 ला अटलांटाच्या ‘ओम्नी’ सभागृहात झाली, ‘ग्रेट अमेरिकन बॅश’ या दौऱ्यात. एका बाजूला फोर हॉर्समेन, म्हणजे रिक फ्लेअर, आर्न अँडरसन, टली ब्लँचर्ड आणि लेक्स लुगर, शिवाय त्यांचा व्यवस्थापक जे. जे. डिलन. दुसऱ्या बाजूला खुद्द डस्टी, निकिता कोलॉफ, रोड वॉरियर्सची जोडी आणि त्यांचा व्यवस्थापक पॉल एलरिंग. दोन्हीकडचा पाचवा माणूस पैलवान नव्हता, व्यवस्थापक होता, यातच मेख आहे. वर्षभर सुटाबुटात रिंगच्या बाहेर उभं राहून कारस्थानं करणारा माणूस पिंजऱ्यात सापडला, आता पळणार कुठे? लोकांनी तिकिटं काढली ती डिलनला मार खाताना बघायला. आणि त्याने खाल्लाही. रोड वॉरियर्सनी त्यांचा नेहमीचा डाव टाकला, एकाने खांद्यावर बसवायचं आणि दुसऱ्याने दोरीवरून झेप घेऊन गळ्यावर हात मारायचा. डिलन वेडावाकडा पडला, खांदा खरोखर निखळला आणि थोड्याच वेळात त्याच्या शरणागतीवर लढत संपली. महिनाअखेरीला मायामीच्या ऑरेंज बोलमध्ये पुन्हा वॉरगेम्स झाली, तेव्हा त्याच्या जागी मुखवटा घातलेला दुसराच माणूस उतरवावा लागला.

दोन रिंग कशाला? एकीत भागलं नसतं?

दहा दांडगी माणसं एका रिंगमध्ये घातली तर दादरला सकाळी साडेनऊच्या लोकलमध्ये होते तेवढीच हालचाल होईल.

दुसरा फायदा बघणाऱ्यांचा. एका रिंगमध्ये दोघं भिडलेत, दुसरीत तिघं, आणि मधल्या पट्ट्यात, जिथे दोन्ही रिंगच्या दोऱ्या समोरासमोर येतात, तिथे कुणीतरी अडकून पडलाय. त्या अरुंद फटीत ना धड उभं राहता येतं ना पडता येतं. तिथे कुणी कुणाला उचलून आपटायला घेतलं की मी अजूनही तोंड फिरवतो.

जुन्या व्हिडिओत पिंजऱ्याला छत दिसतं. ते कुठे गेलं?

मूळ पिंजरा वरूनही बंद होता आणि छत बरंच खाली. वर चढून पळायची सोय नाही, हा त्याचा अर्थ. पण त्या छताने एकदा भलतंच केलं. 24 फेब्रुवारी 1991, फिनिक्स शहर, ‘रेसलवॉर’. सिड व्हिशस हा ताडमाड पैलवान आणि समोर ब्रायन पिलमन, चणीने लहान. सिडने त्याला पॉवरबॉम्बसाठी, म्हणजे डोक्यावर उचलून पाठीवर आपटायला, वर घेतलं, पिलमनचे पाय वर जाळीच्या छताला लागले, गिरकी पूर्ण झालीच नाही आणि तो मानेवर-खांद्यावर आदळला. सिडने पुन्हा उचलून तोच डाव टाकला. शेवटी एल हिगांते हा साडेसात फुटी माणूस धावत आला आणि पिलमनच्या वतीने त्याने हार कबूल करून टाकली. निकाल काय लागायचा हे आधीच ठरलेलं होतं, पण ते आदळणं ठरलेलं नव्हतं. आजही तो तुकडा बघताना पोटात कालवतं.

2017 मध्ये डब्ल्यूडब्ल्यूईने वॉरगेम्स परत आणली ती छत काढूनच. सुरक्षिततेइतकंच दुसरंही कारण उघड आहे: वर मोकळं असलं की कुणीतरी पिंजऱ्याच्या टोकावरून उडी मारणार. मारतातच. 2020 मध्ये इयो शिराईने डोक्यावरून पत्र्याचा कचऱ्याचा डबा घातला आणि तशीच वरून खाली झोकून दिलं. 2024 मध्ये व्हँकुव्हरला ब्रॉन्सन रीड वरून उडाला, खालचा माणूस बाजूला झाला आणि रीडचा पाय खरोखर जायबंदी झाला. पुढे कित्येक महिने तो दिसला नाही.

माझा जीव जुन्या छतातच अडकलाय, हे मान्य करतो. उडी बघायला छान असते, पण एवढं उघडं आकाश दिसलं की पिंजरा हा पिंजरा वाटत नाही, गच्चीचा कठडा वाटतो.

पळून बाहेर आलं तर जिंकलं ना?

नाही. तो साध्या स्टील केजचा नियम. मूळच्या वॉरगेम्समध्ये बाहेर पडून जिंकता येत नव्हतं, आणि 2017 पासून तर कुणी बाहेर पडला तर त्याचा अख्खा संघ हरतो.

पिन चालते की नाही?

मुळात चालत नव्हती. खांदे टेकवून तीन मोजायचे नाहीत. समोरच्याने तोंडाने हार मानली पाहिजे किंवा त्याच्या वतीने कुणीतरी. 1998 पासून अधूनमधून आणि 2017 पासून कायमच पिन आली.

हा बदल मला पटलेला नाही. खांदे टेकले, तीन मोजले, संपलं. त्यात माणूस फक्त थकतो. ‘पुरे, सोडा’ म्हणताना तो मोडतो. आणि वॉरगेम्स असते तीच महिनोन्‌महिने चाललेलं वैर संपवायला. गावात भाऊबंदकीचा वाद कसा मिटतो? कोर्टाच्या निकालाने नाही, एकाने भर पंचायतीत ‘चुकलं’ म्हटलं की मिटतो. पिन हा कोर्टाचा निकाल झाला.

आजवरची सगळ्यात चांगली कोणती?

यावर भांडणं होतात, पण जुन्या जाणत्यांपैकी बहुतेकांचं बोट एकाच तारखेवर पडतं: 17 मे 1992, जॅक्सनव्हिल, फ्लोरिडा. स्टिंग, बॅरी विंडम, डस्टिन ऱ्होड्स (डस्टीचा थोरला मुलगा), रिकी स्टीमबोट आणि निकिता कोलॉफ एका बाजूला. समोर ‘डेंजरस अलायन्स’: रिक रूड, स्टीव्ह ऑस्टिन, आर्न अँडरसन, बॉबी ईटन, लॅरी झिबिस्को आणि बाहेर हातात त्या काळचा विटेएवढा मोबाइल घेऊन नाचणारा पॉल ई. डेंजरसली. होय, रोमन रेन्सच्या मागे कित्येक वर्षं उभा राहिलेला पॉल हेमन तो हाच. आणि हा स्टीव्ह ऑस्टिनही तोच, फक्त डोक्यावर पिवळेधमक केस असलेला.

शेवट कसा झाला ते नीट बघण्यासारखं आहे. मारामारी चालू असतानाच वाईट टोळीतले दोघं एका कोपऱ्यात बसून दोरी ताणणाऱ्या लोखंडी आकड्याचे आटे सोडवत असतात. कुणाचं फारसं लक्ष नसतं. वरची दोरी हळूहळू सैल होते, लोंबायला लागते. कॅमेरा कधीतरीच तिकडे वळतो. मग झिबिस्कोच्या हातात तो लोखंडी तुकडा येतो. ईटनने स्टिंगला मागून धरून ठेवलेलं, झिबिस्को फिरवून मारतो, स्टिंग वाकतो आणि घाव बसतो ईटनच्या खांद्यावर. स्टिंग तोच हात पकडून पिळतो आणि ईटन हार मानतो. टोळीने स्वतः मेहनत करून काढलेल्या हत्याराने टोळीच हरली. त्यानंतर सगळे मिळून झिबिस्कोवर असे काही डाफरतात की त्या टोळीचं काही खरं नाही हे तिथेच कळतं.

कुस्त्यांना तारे देणारा पत्रकार डेव्ह मेल्ट्झर याने या लढतीला पूर्ण पाच दिले होते. डझनभर उड्या नाहीत, टेबलं नाहीत, तरी.

वॉरगेम्समध्ये दर वेळी कुणीतरी फितूर होतो का?

दर वेळी नाही, पण फितुरीसाठी यासारखी जागा नाही. ज्याच्या येण्याची तुम्ही जीव मुठीत धरून वाट बघताय, तोच आत येऊन तुम्हाला मारतो. घड्याळाने लोकांना जे ओरडायला लावलं, तेच त्यांच्या घशात घालता येतं.

1996, विन्स्टन-सेलम, नॉर्थ कॅरोलायना. हल्क होगनच्या एनडब्ल्यूओ टोळीने स्टिंगसारखा रंग फासलेला एक तोतया आणला होता आणि खऱ्या स्टिंगवर त्याच्या सहकाऱ्यांनीच संशय घेतला. लढतीत खरा स्टिंग शेवटी आला, शत्रूच्या एकेका माणसाला झोडपलं, मग आपल्या लोकांकडे वळून ‘आता पटलं?’ अशा अर्थाचं काहीतरी सुनावलं आणि सरळ चालता झाला. त्याचा संघ हरला. त्यानंतर तो वर्षभर जवळजवळ बोललाच नाही, तोंडाला पांढरा-काळा रंग लावून वरच्या तुळयांवर बसून बघत राहिला. रुसवा असावा तर असा.

पुढच्याच वर्षी, त्याच गावात. आर्न अँडरसनची मान कामातून गेली होती, त्याने डोळ्यांत पाणी आणून हॉर्समेनमधली आपली जागा कर्ट हेनिगला दिली होती. हेनिगने भर लढतीत टोळी बदलली. रिक फ्लेअरला वाचवायला त्याच्या साथीदाराने हारही मानली, तरी हेनिगने फ्लेअरचं डोकं पिंजऱ्याच्या दारात धरून दार आपटलं. फ्लेअर याच राज्याचा लाडका. प्रेक्षकांचे चेहरे बघा त्या व्हिडिओत.

आणि 26 नोव्हेंबर 2022, बॉस्टन. सामी झेन सहा-सात महिने रोमन रेन्सच्या घराण्यात शिरायचा प्रयत्न करत होता. घरजावयासारखी अवस्था: जेवायला ताट मिळतं, पण मान मिळत नाही. त्याच घराण्यातल्या जे उसोला तर तो डोळ्यांसमोर नको. समोरच्या संघात केव्हिन ओवेन्स, सामीचा क्युबेकपासूनचा जुना मित्र. ऐन मोक्याला ओवेन्सने रेन्सला पाडून खांदे टेकवले, रेफरीचा हात तिसऱ्यांदा खाली येणार, तेवढ्यात सामीने तो हात पकडला. मग एक क्षण दोघे मित्र नुसते एकमेकांकडे बघतात. आणि सामी त्याला नको तिथे मारतो. पुढे शेवटची झेप घ्यायची संधी तो जे उसोलाच देतो, पिनही त्यालाच करू देतो. लढत संपल्यावर तोच जे उसो सामीला मिठी मारतो. इथे फितुरी कुठली आणि निष्ठा कुठली, हे त्या रात्री सांगता येत नव्हतं, म्हणून ती अजून लक्षात आहे.

शॉकमास्टर हा काय विनोद आहे?

ऑगस्ट 1993. वॉरगेम्ससाठी स्टिंगच्या संघाचा गुप्त चौथा गडी थेट प्रक्षेपणात दाखवायचा होता. भिंत फोडून येणार, अंगावर लांब कोट, डोक्यावर चमकी चिकटवलेलं हेल्मेट. भिंत फुटली, खालच्या फळीला पाय अडकला, महाशय धाडकन तोंडावर पडले आणि हेल्मेट घरंगळत गेलं. ते शोधून पुन्हा डोक्यावर घालेपर्यंत सगळे जण खाली मान घालून उभे.

गंमत म्हणजे सप्टेंबरात ती वॉरगेम्स जिंकून दिली शॉकमास्टरनेच, बुकर टीला मिठीत आवळून. ते कुणालाच आठवत नाही.

1998 आणि 2000 च्या लढती बघाव्यात का?

नका बघू. पहिलीत दोनाऐवजी तीन संघ घातले, त्यातही प्रत्येक जण स्वतःसाठीच लढणार. दुसरीत तीन मजली पिंजरा आणला. संघ कुठले, वैर कुणाशी, काही कळत नाही. 2001 मध्ये वॉरगेम्स भरवणारी डब्ल्यूसीडब्ल्यू ही कंपनीच विकली गेली, नावासकट सगळं डब्ल्यूडब्ल्यूईकडे गेलं आणि 16 वर्षं कपाटात राहिलं. ट्रिपल एचच्या देखरेखीखालच्या एनएक्सटीने, म्हणजे डब्ल्यूडब्ल्यूईच्या नवोदितांच्या शाखेने, ते 18 नोव्हेंबर 2017 ला ह्यूस्टनमध्ये बाहेर काढलं.

बायकांच्या वॉरगेम्स पुरुषांइतक्याच कडक असतात का?

पहिली 2019 ची बघा आणि तुम्हीच सांगा. रिआ रिप्लीच्या संघातली डकोटा काय आपली पाळी आल्यावर पिंजऱ्यात शिरण्याऐवजी वळली आणि स्वतःच्याच संघातल्या टेगन नॉक्सवर तुटून पडली. टेगनचा गुडघा आधीच दुखावलेला. तोच तिने लोखंडी दारात चिरडला. उरल्या रिप्ली आणि कँडिस लरे, दोघीच, समोर चौघी. रिप्लीने बेड्या काढून स्वतःचा हात शेना बॅझलरच्या हाताला अडकवून घेतला, म्हणजे आता दोघींपैकी कुणीच पळायचं नाही, आणि खुर्च्यांवर आपटून तिला हरवलं. घड्याळाचा सगळा हिशोब उलटा करून दाखवणारी ही एकच लढत मला माहीत आहे.

एईडब्ल्यू या दुसऱ्या रेसलिंग कंपनीचं ‘ब्लड अँड गट्स’ हे तेच ना?

तेच. नाव डब्ल्यूडब्ल्यूईच्या मालकीचं म्हणून वेगळं. दोन रिंग, एक पिंजरा, दोन-दोन मिनिटं, आणि निकाल शरणागतीवरच, त्यामुळे जुन्या नियमांच्या ते जास्त जवळ. पहिलं मार्च 2020 मध्ये व्हायचं होतं, कोविडने अडवलं, मग मे 2021 मध्ये जॅक्सनव्हिललाच झालं. शेवटी एमजेएफने ख्रिस जेरिकोला पिंजऱ्याच्या माथ्यावर नेऊन ढकलून द्यायची धमकी दिली, म्हणून जेरिकोच्या साथीदाराने हार मानली, आणि तरी एमजेएफने ढकललंच. खाली जेरिको ज्यावर पडला ती गादी होती हे कॅमेऱ्यात इतकं स्पष्ट दिसलं की दुसऱ्या दिवशी त्याचीच चर्चा. रक्त मात्र एईडब्ल्यूमध्ये भरपूर असतं.

पंजाबी प्रिझन, हेल इन अ सेल, एलिमिनेशन चेंबर यांत आणि यात फरक काय?

हेल इन अ सेलमध्ये बहुतेक दोघंच, पिंजरा रिंगच्या बाहेरची जागाही वेढतो. एलिमिनेशन चेंबर सहा जणांचं, प्रत्येक जण एकटा, काचेच्या कोठड्यांतून एकेक बाहेर येतो; घड्याळाची कल्पना वॉरगेम्सच्याच घराण्यातली वाटते. पंजाबी प्रिझन म्हणजे बांबूचे दोन पिंजरे, एकात एक, आणि आतल्याला चार दारं, प्रत्येक एकदा साठ सेकंदांसाठी उघडणार. 2006 मध्ये ते खलीसाठी म्हणून आणलं आणि पहिल्याच लढतीत खलीऐवजी बिग शो उतरला. तो कार्यक्रमही ‘ग्रेट अमेरिकन बॅश’ याच नावाचा होता. मुळातच संघांसाठी आखलेली यांपैकी फक्त वॉरगेम्स.

पण हे सगळं खोटंच असतं ना?

माझे मामा तालमीतले. त्यांच्या काळात लाल मातीत निकाली कुस्त्या करत, कान अजून मोडलेले आहेत. एका रविवारी ते घरी असताना मी लावलं होतं. पाच मिनिटं बघून म्हणाले, ‘ही नुरा कुस्ती आहे.’ म्हणजे आधीच ठरवून, आपसांत वाटून घेतलेली. मी म्हटलं, होय मामा, आहेच. निकाल ठरलेला, कोण कधी आत येणार ठरलेलं, शेवटचा डाव ठरलेला.

मग थोड्या वेळाने एकाला जाळीवर फेकला, तो पाठीवर पडला. मामा जरा पुढे सरकले. ‘पडतोय मात्र बरोबर. हनुवटी छातीला लावली बघ. शिकवलंय कुणीतरी.’

उत्तर यातच आलं. निकाल लिहिलेला असतो, जमीन लिहिलेली नसते. रिंगच्या खाली फळ्या आणि लोखंडी चौकट असते, वर पातळ गादी. जाळी खरी. कपाळावरचं रक्तही जुन्या लढतींत खरंच. पैलवान मनगटाच्या पट्टीत ब्लेडचा तुकडा लपवून स्वतःच बारीक काप घेत. डब्ल्यूडब्ल्यूईने 2008 च्या सुमारास मुलांना चालेल असा कार्यक्रम करायचं ठरवल्यापासून ते मुद्दाम करणं बरीच वर्षं बंद होतं. आणि डिलनचा खांदा, पिलमनची मान, रीडचा पाय यांपैकी काहीच कुणी कागदावर लिहिलेलं नव्हतं.

कोडी ऱ्होड्सचा आणि याचा काय संबंध?

तो डस्टीचा धाकटा मुलगा. डस्टी जून 2015 मध्ये गेला, वॉरगेम्स परत आलेली त्याने पाहिली नाही. 2023 मध्ये शिकागोजवळ रोझमाँटला कोडी पहिल्यांदा वॉरगेम्समध्ये उतरला आणि डेमियन प्रीस्टला त्यानेच पिन केलं. त्या रात्री आधी रँडी ऑर्टन दीड वर्षाच्या पाठीच्या दुखण्यातून परतला आणि सगळं आटोपलं असं वाटत असताना सी. एम. पंक अवतरला, त्यामुळे वडिलांच्या पिंजऱ्यात मुलगा जिंकला याकडे फार थोड्यांचं लक्ष गेलं.

भारतात कुठे आणि किती वाजता दिसतं? किती वेळ लागतो?

एप्रिल 2025 पासून डब्ल्यूडब्ल्यूई आपल्याकडे नेटफ्लिक्सवर आहे, हिंदी समालोचनासह. अमेरिकेतली शनिवारची रात्र म्हणजे आपली रविवारची पहाट, साधारण साडेचार ते साडेसहाच्या दरम्यान. गेल्या काही वर्षांत बायकांची वॉरगेम्स सुरुवातीला आणि पुरुषांची अगदी शेवटी ठेवतात. त्यामुळे मधल्या एकेरी कुस्त्यांच्या वेळी चहा-पोहे उरकून घ्या. पहिले दोघे आत गेले आणि दाराला साखळी लागली की पुढची चाळीस मिनिटं उठायचं नाही, आणि बाहेर थांबलेल्यांकडे बघायला विसरू नका.